मूकपटातील सुलोचना

आष्ट्याच्या श्रोत्यांना रंगभूमीची ओळख करून द्यावयास नको. शेजारच्या सांगलीतच १८४३ साली विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' सादर केले. परंतु नाटक चालते ते वाणीवर. ज्याला भाषा येत नाही त्याला ते दार बंद. मूकपटाने ते काही वर्षे उघडे ठेवले. त्यातून आत आलेल्या एका नटीचा परिचय आम्ही येथे करून देत आहोत. मराठी बोलपटांतील सुप्रसिद्ध सुलोचनाबाई त्या निराळ्या.

या सुलोचनाबाईंचे मूळ नाव रूबी मायर्स. जन्म १९०७ सालचा, पुण्यातला. त्या बगदादी ज्यू समाजातल्या. हा समाज व्यापारानिमित्त पश्चिम आशियातून येऊन मुंबई-पुण्यास स्थायिक झालेला. चित्रपटात काम करणे त्या काळी कुलीन स्त्रीला शोभत नसे. १९१३ च्या 'राजा हरिश्चंद्र'साठी दादासाहेब फाळके यांना तारामती मिळेना, म्हणून ती भूमिका अण्णा साळुंके या पुरुषाने केली. रूबी मुंबईत टेलिफोन ऑपरेटर होत्या. मोहन भवनानी यांनी त्यांना कोहिनूर कंपनीत बोलावले, तेव्हा त्यांनीही प्रथम नकारच दिला. अखेर १९२५ च्या सुमारास त्या पडद्यावर आल्या. पुढे इंपीरियल कंपनीच्या 'वाइल्डकॅट ऑफ बॉम्बे'त (१९२७) त्यांनी आठ भूमिका केल्या.

याच इंपीरियलने १९३१ साली 'आलम आरा' हा आपला पहिला बोलपट काढला. नायिका मात्र झुबेदा झाल्या. सुलोचनाबाईंना हिंदुस्तानी नीट बोलता येत नव्हते. जी उणीव सहा वर्षे कोणाला जाणवली नाही, तीच आता आड आली. ही आपत्ती जगभरची होती. डेन्मार्कची आस्ता नीलसन मूकपटाच्या बळावर जर्मनीत गाजली. तिने १९३२ साली एकच बोलपट केला आणि तिचे नायिकापण तेथेच संपले.

सुलोचनाबाई मात्र हिंदुस्तानी शिकावयास बसल्या. १९३२ सालीच 'माधुरी'तून त्या बोलत्या झाल्या. १९२८ साली मूकपणे केलेली 'अनारकली' त्यांनी १९३५ साली बोलून दाखविली. १९५३ च्या 'अनारकली'त त्या सलीमची आई झाल्या. नायिकेपासून आईपर्यंतचा हा प्रवास त्यांनी कष्टाने मिळविलेल्या भाषेत केला.

ज्या फाळक्यांना तारामतीसाठी स्त्री मिळाली नव्हती, त्यांच्याच नावाचा पुरस्कार १९७३ साठी सुलोचनाबाईंना देण्यात आला. १९८३ साली त्या मुंबईत वारल्या. आपल्या चित्रपटाचा इतिहास सांगताना आपण फाळके आणि बाबूराव पेंटर यांची नावे अभिमानाने घेतो. त्या ओळीत हे पुण्याचे नावही आपण आपलेच म्हणून घ्यावे, असे आम्हांस वाटते.