पिंजलेले चिकन आणि घरचा बार्बेक्यू सॉस

कोंबडीचे मांस मंद आचेवर दीर्घकाळ शिजवायचे, कापूस पिंजावा तसे त्याचे तंतू सुटे करायचे आणि आंबटगोड, तिखट सॉसमध्ये घोळवायचे, असा हा पदार्थ. अमेरिकेत तो ‘पुल्ड चिकन’ या नावाने ओळखला जातो. कृती सोपी आहे. परंतु ‘सारे जिन्नस एकदम भांड्यात टाका आणि कामावर निघून जा’ हा तिच्याबरोबर हमखास येणारा सल्ला चवीच्या दृष्टीने अर्धवट आणि आपल्या हवेत प्रसंगी धोक्याचाही आहे.

‘बार्बेक्यू’ हा शब्द कॅरिबियन बेटांवरील ताइनो लोकांच्या भाषेतून स्पॅनिशमार्गे इंग्रजीत आला. विस्तवावर उभारलेली लाकडी माचण असा त्याचा मूळ अर्थ. अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत लाकडाच्या निखाऱ्यांवर, धुरात, कित्येक तास मांस भाजण्याची परंपरा घडली. कॅरोलायनात डुकराचे, टेक्सासमध्ये गाईचे मांस हे तिचे मानकरी. तंतू सुटे करण्याची पद्धत डुकराच्या खांद्याच्या मांसासाठी रूढ झाली आणि कोंबडीने ती उसनी घेतली. विजेच्या भांड्यात शिजणाऱ्या पदार्थाला बार्बेक्यू म्हणणे तिकडच्या जाणकारांना रुचत नाही, आणि त्यांचे चुकते असे नाही. येथे नाव टिकते ते केवळ सॉसमुळे.

हा सॉसही एक नव्हे. नॉर्थ कॅरोलायनाच्या पूर्व भागात तो व्हिनेगर आणि मिरचीचा, पाण्यासारखा पातळ असतो. साउथ कॅरोलायनात मोहरीचा पिवळा, तर अलाबामातील डिकेटर गावी बॉब गिब्सन यांनी 1925 च्या सुमारास खास कोंबडीसाठी केलेला मेयोनेजचा पांढरा. टोमॅटो आणि मोलॅसिसचा दाट, गोडसर सॉस कॅन्सस सिटीच्या वळणाचा. बाटलीतून जगभर गेला तो मुख्यतः हाच, आणि पुढील कृतीही त्याचीच.

विजेच्या ‘स्लो कुकर’चा जन्म वेगळ्याच परंपरेतला. शनिवारी चूल पेटवायची नाही म्हणून पूर्व युरोपातील ज्यू कुटुंबे शुक्रवारी संध्याकाळी घेवडा-मांसाचे भांडे भटारखान्याच्या निवत्या भट्टीत ठेवून देत. आईकडून ऐकलेल्या या आठवणीवरून शिकागोच्या आयर्विंग नॅक्सन यांनी विजेचे भांडे तयार केले. 1940 मध्ये त्याचे पेटंट मिळाले, आणि 1971 मध्ये ‘क्रॉक-पॉट’ या नावाने ते बाजारात येऊन घरोघरी पोहोचले.

पदार्थाचे यश मात्र भांड्यापेक्षा मांसाच्या निवडीवर ठरते. मांडीच्या मांसात संयोजी ऊती अधिक असतात. त्यांतील कोलॅजेन उष्णतेने हळूहळू विरघळून त्याचे जिलेटिन होते, तंतू सहज सुटतात आणि तरीही ओलसर राहतात. छातीच्या मांसात कोलॅजेन अगदी कमी. ते तासन्‌तास शिजवले की तंतू सुटतात खरे, पण भुशासारखे कोरडे होतात. म्हणून मांडीच घ्यावी. ब्रॉयलर कोंबडी कोवळी असल्याने लवकर मऊ होते. गावठी कोंबडीला बराच अधिक वेळ द्यावा लागतो, पण तिची चव त्याची भरपाई करते.

सहा जणांसाठी 1 किलो बिनहाडांचे मांडीचे तुकडे घ्यावेत. सॉससाठी 1 किलो पिकलेले टोमॅटो उकडून, वाटून गाळून घ्यावेत. 2 चमचे तेलावर एक बारीक चिरलेला कांदा आणि 6-7 लसूणपाकळ्या तांबूस होईपर्यंत परताव्यात. त्यात टोमॅटोचा रस, पाऊण वाटी काकवी, अर्धी वाटी व्हिनेगर, 2 चहाचे चमचे लाल तिखट, प्रत्येकी 1 चहाचा चमचा मिरपूड आणि मोहरीची पूड, व मीठ घालून मंद आचेवर आटवावे. चमच्याच्या पाठीवर सॉसचा थर बसला आणि त्यावर बोटाने ओढलेली रेघ मिटली नाही, की तो झाला. गोड-आंबटाचा तोल शेवटी चाखून साधावा, कारण टोमॅटोचा आंबटपणा दर खेपेला निराळा असतो.

येथे शब्दाची एक अडचण आहे. ‘मोलॅसिस’साठी शब्दकोश ‘मळी’ हा प्रतिशब्द देतात, आणि आपल्याकडे मळी म्हणजे साखर कारखान्यातून मद्यार्कासाठी जाणारे द्रव्य. स्वयंपाकात त्याऐवजी काकवीच वापरावी. ती मोलॅसिसपेक्षा गोड आणि कमी कडवट असते. व्हिनेगरच्या बाबतीत गोमंतकीय वाचक भाग्यवान. माडाच्या सुरेपासून केलेले व्हिनेगर सौम्य असते आणि येथे शोभून दिसते. मांस, लसूण आणि व्हिनेगर यांची सोयरीक विंदालूमुळे आपल्याला नवी नाहीच.

तुकड्यांना मीठ, तिखट आणि मिरपूड चोळून ते स्लो कुकरमध्ये ठेवावेत आणि पाव वाटी पाणी घालावे. मंद स्थितीवर 4 ते 5 तास लागतात. सारा सॉस आरंभीच ओतू नये: झाकणाखाली वाफ कोंडते, मांसालाही पाणी सुटते आणि आटवलेला सॉस पुन्हा पातळ होतो. मांस शिजल्यावर दोन काट्यांनी पिंजावे, भांड्यातला रस वरची चरबी काढून निम्मा आटवावा आणि मग रस व सॉस बेताबेताने मिसळावेत. स्लो कुकर नसल्यास जाड बुडाच्या भांड्यात झाकण ठेवून, अगदी बारीक आचेवर, सव्वा तासात काम होते. धुराचा गंध हवा असल्यास पेटत्या करवंटीचा निखारा वाटीत ठेवून त्यावर थेंबभर तूप सोडावे आणि भांडे 5 मिनिटे झाकावे.

आता धोक्याविषयी. 5 ते 60 अंश सेल्सिअस या टप्प्यात जंतू झपाट्याने वाढतात, आणि स्लो कुकर हा टप्पा सावकाशच ओलांडतो. म्हणून गोठलेले मांस त्यात कधीही टाकू नये. ते आदल्या रात्रीपासून फ्रिजमध्ये वितळू द्यावे. कच्चे चिकन नळाखाली धुण्याची आपली सवयही सोडावी. जंतू धुतले जात नाहीत, शिंतोड्यांबरोबर मोरीभर पसरतात. झाकण उघडून पाहण्याचा मोह टाळावा. मांसाच्या मध्यभागी किमान 74 अंश तापमान यायला हवे. त्यासाठीचा तापमापक विकत घेणे शहाणपणाचे.

मुसळधार पावसाच्या दिवसांत वीज जाणे नित्याचे. आपण घरी असताना ती गेली तर पदार्थ लगेच गॅसवर चढवून पुरता शिजवावा. घरात कोणी नसताना ती किती वेळ गेली होती हे कळायला मार्ग नसेल, तर शिजलेला दिसला तरी तो टाकून द्यावा. पुन्हा उकळल्याने काही जंतूंनी तयार केलेली विषे नष्ट होत नाहीत. उरलेले मांस पसरट भांड्यात निववून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जावे; पारा 32 अंशांपुढे असेल तर तासाभरातच. तेथे ते 3 ते 4 दिवस टिकते. पुन्हा गरम करताना स्लो कुकर नको, कढई घ्यावी.

अमेरिकेत हे मऊ बनमध्ये भरून, कोबीच्या कोशिंबिरीसह खातात. आपल्याकडे पोदेराची ताजी पोई त्याहून बरी. तिच्या कोंड्याच्या खरबरीत पापुद्र्यात सॉस जिरतो आणि तरीही ती भिजून फाटत नाही.