शेकर पंथ

ख्रिस्ती धर्मातील एक छोटा पंथ. आजन्म ब्रह्मचर्य, सामाईक मालमत्ता, पापांची उघड कबुली आणि शस्त्रत्याग ही त्याची चार मुख्य बंधने. जन्म इंग्लंडात, वाढ अमेरिकेत. अधिकृत नाव ‘ख्रिस्ताच्या दुसऱ्या आगमनावर श्रद्धा ठेवणाऱ्यांचा संयुक्त समाज’ अशा अर्थाचे असून ते कोणाच्या तोंडी बसले नाही. उपासना रंगात आली की ही मंडळी अंगात आल्यासारखी थरथरत, गिरक्या घेत, ओरडत. त्यावरून लोकांनी टवाळीने ‘शेकिंग क्वेकर’ म्हणजे थरथरणारे क्वेकर (क्वेकर हा दुसरा एक ख्रिस्ती पंथ) म्हणायला सुरुवात केली. त्याचेच ‘शेकर’ झाले आणि पुढे पंथीयांनीही ते नाव आपलेसे केले.

१७४७ च्या सुमारास मँचेस्टरच्या परिसरात जेन आणि जेम्स वॉर्डली या दांपत्याभोवती एक लहानसा गट जमला. १७५८ मध्ये त्यात अ‍ॅन ली (१७३६–१७८४) आली. ती लोहाराची मुलगी होती आणि तिला लिहितावाचता येत नव्हते. कापडाच्या कारखान्यात राबून झाले, इस्पितळात स्वयंपाकाचे काम करून झाले. १७६२ मध्ये तिचे लग्न झाले. चार मुले झाली आणि चारही लहानपणीच गेली. १७७० मध्ये तुरुंगात असताना तिला दृष्टान्त झाला, अशी पंथाची श्रद्धा आहे : मानवाच्या अधःपाताचे मूळ शरीरसंबंधात आहे. त्या चार मुलांचा या शिकवणीशी संबंध जोडण्याचा मोह अभ्यासकांना आवरत नाही, आणि तो अगदीच अनाठायी म्हणता येत नाही. ख्रिस्ताचे चैतन्य या वेळी स्त्रीच्या ठायी प्रकटले आहे, असे अनुयायी मानू लागले. ती ‘मदर अ‍ॅन’ झाली.

१७७४ मध्ये आठ अनुयायांसह ती जहाजाने न्यूयॉर्कला पोहोचली. ऑल्बनीजवळ निस्कायुना येथे त्यांनी दलदलीची जमीन घेऊन बस्तान बसवले. मुहूर्त मात्र वाईट होता. ब्रिटनशी युद्ध पेटलेले, आणि हे इंग्लंडहून आलेले लोक शस्त्र उचलायला नकार देणारे! हेरगिरीच्या संशयावरून १७८० मध्ये मदर अ‍ॅनला कैद झाली. प्रचारदौऱ्यांत जमावाचा मार पडला. १७८४ मध्ये ती वारली.

पंथाची घडी बसवली ती नंतरच्यांनी. न्यू लेबनन येथे १७८५ मध्ये प्रार्थनागृह उभे राहिले. १७८७ पासून जोसेफ मीचम आणि त्याच्या बरोबरीने लूसी राइट यांनी विखुरलेल्या श्रद्धावंतांना वसाहतींत आणले. मीचमच्या मृत्यूनंतर, १७९६ ते १८२१ अशी पंचवीस वर्षे, सूत्रे लूसी राइटकडेच होती. अमेरिकेत स्त्रियांना मतदानाचा देशव्यापी हक्क १९२० मध्ये मिळाला, हे लक्षात घेतले म्हणजे या गोष्टीचे वजन कळते. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत मेनपासून केंटकी-ओहायोपर्यंत वसाहती पसरल्या आणि पंथीयांची संख्या काही हजारांवर गेली.

वसाहतीचा घटक ‘कुटुंब’. पण त्यात नवरा-बायको-मुले नव्हेत, तर तीस ते शंभर ‘ब्रदर’ आणि ‘सिस्टर’. प्रत्येक कुटुंबावर दोन पुरुष व दोन स्त्रिया असे वडीलधारे. एकाच इमारतीत राहायचे, पण दारे वेगळी, जिने वेगळे, जेवणाच्या पंगती वेगळ्या. या दुराव्यावर उपाय म्हणून १७९३ पासून ‘मिलनसभा’ सुरू झाल्या. आठवड्यातून काही संध्याकाळी ब्रदर आणि सिस्टर समोरासमोर ओळीत खुर्च्या मांडून, मध्ये काही फुटांचे अंतर राखून, तासभर गप्पा मारत. उपासनेतल्या थरथरीचेही हळूहळू कवायतीसारखे नृत्य झाले. तळहात खाली करून झटकले की पाप गळाले, वर केले की कृपा झेलली.

या शिस्तीची दुसरी बाजूही होती. बाप पंथात शिरताना मुलांना बरोबर घेऊन गेला, तर आईने काय करायचे? न्यूयॉर्कच्या युनिस चॅपमनने या प्रश्नावर पुस्तके लिहून पंथाला सळो की पळो केले. अखेर १८१८ मध्ये राज्याच्या विधिमंडळाने खास कायदा करून तिला घटस्फोट दिला.

काम हीच उपासना, ही शिकवण मात्र त्यांच्या हातून अक्षरशः उतरली. भाजीपाल्याचे बी छापील कागदी पुड्यांत भरून ते गाडीने गावोगाव विकत. बाहेरून घेतलेले बी आपल्या बियांत मिसळायचे नाही, असा करारच वसाहतींनी केला होता, त्यामुळे शेतकरी डोळे मिटून पुडी घेई. हॅनकॉक वसाहतीतील १८२६ चा गोल दगडी गोठा आजही उभा आहे. गवताच्या गाड्या वरच्या मजल्यावर शिरत, मधल्या हौदात गवत ओतत आणि गोल फिरून त्याच दाराने बाहेर पडत; गाडी मागे घ्यावी लागत नसे. खाली गाई मध्याकडे तोंड करून वर्तुळात उभ्या.

त्यांची लंबगोल लाकडी डबी जवळून पाहावी. मेपलची पातळ पट्टी वाफेवर मऊ करून साच्याभोवती गुंडाळायची आणि तिच्या टोकाला बोटांसारखे निमुळते फाटे कापून ते बारीक तांब्याच्या चुकांनी ठोकायचे. तांबे गंजून लाकडावर डाग पाडत नाही आणि फाट्यांमुळे हवा दमट-कोरडी झाली तरी पट्टी तडकत नाही. त्यांच्या खोल्यांत भिंतभर लाकडी खुंट्यांची पट्टी असे. झाडताना खुर्च्या त्यांवर टांगून ठेवत, तेही उलट्या, म्हणजे बैठकीवर धूळ बसू नये.

चार्ल्स डिकन्स १८४२ मध्ये न्यू लेबननला गेला. त्याला सगळेच उदास वाटले. खुर्च्यासुद्धा! उपासना तेव्हा बाहेरच्यांसाठी बंद होती, कारण १८३७ पासून वसाहतींत दृष्टान्तांची लाट आली होती. त्या लाटेतच हॅना कोहूनचे ‘जीवनवृक्ष’ (१८५४) हे रंगीत चित्र निपजले. साधेपणाची शपथ घेतलेल्यांच्या घरात असले लखलखीत चित्र सापडावे, ही पंथाची खरी गंमत. मेनमधील जोसेफ ब्रॅकेटने १८४८ मध्ये रचलेले ‘सिंपल गिफ्ट्स’ हे गीतही त्याच काळातले. संगीतकार एरन कोपलंडने १९४४ च्या आपल्या बॅलेसंगीतात त्याची चाल घेतली आणि ती जगभर पोहोचली.

उतरती कळा यादवी युद्धानंतर लागली. ब्रह्मचारी पंथाला वारस पोटी येत नाहीत, ते बाहेरून आणावे लागतात. अनाथ मुले सांभाळली जात, पण वयात आल्यावर बहुतेक निघून जात. कारखान्याचा स्वस्त माल आला, शहरांत मजुरी वाढली आणि विशेषतः पुरुष आटले. न्यू लेबननची वसाहत १९४७ मध्ये, हॅनकॉकची १९६० मध्ये बंद झाली. दोन्ही ठिकाणी आता संग्रहालये आहेत. कँटरबरी वसाहतीची शेवटची सिस्टर १९९२ मध्ये वारली. आपली आठवण एखादी खुर्ची म्हणून राहील की काय, ही धास्ती सिस्टर मिल्ड्रेड बार्कर यांनी बोलून दाखवली होती. जुन्या शेकर खुर्च्यांच्या किमती आज लिलावात कुठल्या कुठे जातात, हे पाहता ती खोटी नव्हती.

मेन राज्यातील सॅबथडे लेक ही एकच वसाहत टिकून आहे. सिस्टर फ्रान्सेस कार जानेवारी २०१७ मध्ये वारल्या, तेव्हा तेथे दोन शेकर उरले होते. १७९४ चे प्रार्थनागृह तेथे अजून उभे आहे, आणि रविवारच्या उपासनेला बाहेरच्यांनाही मुभा असते.