दोन विवाह आणि लोकमत

महाराष्ट्रांत लग्न ही केवळ दोघांपुरती गोष्ट कधींच नव्हती. सोयरीक जुळवितांना आधीं घरांतील वडील माणसें, मग भाऊबंद, मग उपाध्ये, मग गांवांतील चार प्रतिष्ठित गृहस्थ, आणि या सर्वांच्या पाठीमागें ज्ञाति, अशी मतांची रांग लागलेली असे. ज्याचें लग्न व्हावयाचें त्याचें मत या रांगेंत अगदीं शेवटीं उभें राही. जिचें व्हावयाचें तिच्या मताला तर रांगेंत जागाच नव्हती. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत या व्यवस्थेला जे धक्के बसले त्यांतील दोन पुण्यांत, वीस वर्षांच्या अंतरानें बसले. दोन्ही प्रसंगांतील वर विद्वान होते, विधुर होते, आणि विधवाविवाहाचे पुरस्कर्ते होते. एकानें लोकांपुढें नव्हे, पण वडिलांपुढें मान तुकविली. दुसऱ्यानें ती कोणापुढेंच तुकविली नाहीं. परंतु पहिला दुबळा व दुसरा शूर, असा निवाडा देऊन मोकळें होण्याइतकें हें प्रकरण सोपें नाहीं.

कायद्याची अडचण या दोघांपैकीं कोणालाच नव्हती. १८५६ च्या कायद्यानें हिंदु विधवेचा पुनर्विवाह कायदेशीर ठरला होता. कुमारिकेच्या विवाहांत जे विधि व मंत्र असतात तेच विधवेच्या विवाहासही पुरे होत, असें त्यांत स्पष्ट म्हटलें होतें. आणि विधवा सज्ञान असल्यास तिची स्वतःची संमति पुरेशी मानली होती. यांतील विसंगति मोठी मौजेची आहे. दहा वर्षांच्या कुमारिकेला तिच्या लग्नाविषयीं कोणी विचारीत नसे. विधवा झाल्यावर मात्र कायद्याच्या दृष्टीनें तिला मत प्राप्त झालें! अर्थात् त्याच कायद्यानें पुनर्विवाह करणाऱ्या विधवेचा मृत पतीच्या मिळकतीवरील हक्कही काढून घेतला होता. आणि कायद्यानें परवानगी दिली म्हणून शेजारी पंक्तीला बसतोच असें नाहीं. १८६९ सालीं विष्णुशास्त्री पंडित व त्यांच्या मित्रांच्या पुढाकारानें मुंबईंत एक पुनर्विवाह झाला, तेव्हां त्यांत भाग घेणाऱ्या मंडळींवर शंकराचार्यांकडून बहिष्कार आला. त्या मंडळींत महादेव गोविंद रानडे हेही होते.

हेंच रानडे १८७३ सालीं पुण्यास न्यायाधीश असतां त्यांच्या प्रथम पत्नी सखूबाई वारल्या. रानड्यांचें वय त्या वेळीं एकतीस वर्षांचें. आतां हे काय करतात, इकडे साऱ्यांचे डोळे लागले. मुंबईच्या सुधारक मित्रांना वाटलें, जें इतके दिवस व्याख्यानांत सांगितलें तें आचरून दाखविण्याची वेळ आली. वडील गोविंदराव यांनाही नेमकें तेंच वाटलें, आणि म्हणून त्यांनीं क्षणाचाही विलंब केला नाहीं. मुंबईहून येणारीं मित्रांचीं पत्रें मुलाच्या हातीं पडूं नयेत अशी त्यांनीं तजवीज केली, आणि कुर्लेकर घराण्यांतील अकरा वर्षांची मुलगी पसंत करून टाकली.

पुढें काय झालें तें त्या मुलीनेंच, म्हणजे रमाबाई रानडे यांनीं, १९१० सालीं प्रसिद्ध झालेल्या आपल्या आठवणींत लिहून ठेवलें आहे. रानड्यांनीं प्रथम वडिलांची विनवणी केली. आपणांस लग्नच करावयाचें नाहीं. विधवेशीं विवाह वडिलांना मान्य नसेल तर तोही करणार नाहीं, परंतु एकटें राहूं द्यावें. बहीण दुर्गा ऐन तारुण्यांत विधवा झाली. तिच्याविषयीं घरांत कोणाला चिंता वाटत नाहीं, मग आपल्याविषयींच एवढी चिंता कां? हा प्रश्न बिनतोड होता, आणि म्हणूनच त्याला उत्तर मिळालें नाहीं. मग त्यांनीं सहा महिन्यांची मुदत मागितली, ती वडिलांनीं नाकारली. सहा महिन्यांत काय होईल हें ते पक्कें ओळखून होते. शेवटीं रानड्यांनीं मुलीच्या वडिलांनाच गांठलें. आपण सुधारक, पुनर्विवाहाच्या पक्षाचे. दिसावयास शरीर धडधाकट असलें तरी डोळे व कान अधू. विलायतेस जाण्याचा आपला विचार आहे, आणि तेथून आल्यावर प्रायश्चित्त घेणार नाहीं. अशा माणसाला मुलगी कां देतां? वरानें स्वतःचे दोष वधूपित्यापुढें इतक्या तपशिलानें मांडल्याचें उदाहरण क्वचितच सांपडेल. परंतु गोविंदरावांनीं हें सर्व कुर्लेकरांना आधींच सांगून ठेवलें होतें, आणि ते तयार होते. ऐकलें नाहींस तर आपण करवीरास निघून जाऊं व तुझा आमचा संबंध संपला, असें वडिलांनीं निर्वाणीचें सांगितल्यावर मुलाचा नाइलाज झाला. डिसेंबरांत लग्न लागलें. वैदिक विधीपलीकडे लौकिक सोहळा मात्र होऊं द्यावयाचा नाहीं, एवढेंच काय तें वराच्या मताप्रमाणें झालें.

टीका व्हावयाची ती झालीच, आणि ती दोन्ही बाजूंनीं झाली. सनातनी मंडळींना सुधारकांचा बोलघेवडेपणा दाखविण्यास आयतें उदाहरण मिळालें. मित्रांना तोंड दाखविणें कठीण झालें. रानड्यांनीं या टीकेला उत्तर देण्याचा आटापिटा केला नाहीं. लग्न होतांच त्यांनीं पत्नीला लिहावयास वाचावयास शिकविण्यास आरंभ केला, आणि घरांतील वडीलधाऱ्या बायकांचा विरोध व टोमणे सोसून तो क्रम अखंड चालविला. त्यांचा हा दृढपणा कौतुकास्पद खरा; पण त्याची किंमत घरांतल्या घरांत, दिवसभर त्या बायकांमध्यें वावरणाऱ्या कोवळ्या मुलीलाच द्यावी लागली, हें त्याच आठवणी वाचतांना ध्यानांत येतें. पित्याचें मन राखलें गेलें, पण एका अजाण मुलीच्या वतीनें तिला न विचारतां. रानड्यांच्या चरित्रांतील हा डाग पुसण्याचा प्रयत्न त्यांच्या भक्तांनीं करण्याचें कारण नाहीं. तो त्यांना स्वतःला दिसत होता.

वीस वर्षांनंतर धोंडो केशव कर्वे यांच्यावर तोच प्रसंग आला. ते फर्ग्युसन कॉलेजांत गणित शिकवीत. प्रथम पत्नी राधाबाई १८९१ सालीं वारल्या. मागें लहान मुलगा होता. स्थळें येऊं लागलीं, तीं अर्थातच कुमारिकांचीं. कर्व्यांचा स्वभाव वादाचा नव्हता. रानड्यांप्रमाणें त्यांनीं कोणाशीं युक्तिवाद केलेला दिसत नाहीं. करीन तर विधवेशीं, एवढेंच विचारील त्याला सांगत गेले. त्यांचे स्नेही नरहरपंत जोशी यांची बहीण गोदूबाई ही बालपणींच विधवा झालेली, आणि पंडिता रमाबाईंच्या शारदासदनांतील पहिली विधवा विद्यार्थिनी. गोदूबाईंच्या वडिलांशीं बोलणें झालें. गोदूबाईंना विचारण्यांत आलें. त्यांनीं होकार दिला. या प्रकरणांतील खरी नवलाची गोष्ट ही, कीं वधूला विचारलें गेलें. ११ मार्च १८९३ रोजीं पुण्यांत विवाह झाला, आणि गोदूबाईंच्या आनंदीबाई झाल्या.

पुण्यासारख्या शहरांत पांच-पंचवीस समविचारी मित्र मिळतात, आणि त्यांच्या आधारानें लोकनिंदा सोसतां येते. गांवाची गोष्ट निराळी. कोंकणांतील मुरूड हें कर्व्यांचें गांव. त्याच्या भल्यासाठीं त्यांनीं मुरूड फंड उभारण्यांत श्रम घेतले होते. विवाहानंतर ते सपत्नीक मुरुडास गेले, तेव्हां गांवानें सभा भरवून ठराव केले. कर्व्यांशीं कोणी व्यवहार ठेवूं नये. ज्या बैठकींत ते असतील तींत कोणी बसूं नये. आणि भावानें त्यांना घरांत घेतलें तर भावावरही बहिष्कार पडावा. या शेवटच्या कलमांत गांवाचें सारें शहाणपण होतें. निश्चयी माणसाला स्वतःला शिक्षा देऊन उपयोग नसतो, ती त्याच्या आईला व भावाला द्यावी लागते. वडील बंधु व वृद्ध आई यांचें प्रेम तिळमात्र कमी झालें नव्हतें. पण गांवांत राहून, गांवाच्या विहिरीवर व गांवाच्या पंक्तींत त्यांना दिवस काढावयाचे होते. कर्व्यांनीं त्यांना पेंचांत धरलें नाहीं. आपल्या मताची झळ त्यांना लागूं नये म्हणून आपणच दूर राहणें त्यांनीं पत्करलें, आणि गांवावर राग धरला नाहीं.

वडील दुखावतील म्हणून रानड्यांनीं आपला निश्चय सोडला. आई दुखावली तरी कर्व्यांनीं निश्चय सोडला नाहीं, मात्र तिचें दुःख वाढेल असें कांहीं केलें नाहीं. दोघांच्या स्थितींत एक भेद होता, तोही नोंदला पाहिजे. रानड्यांना दोन-अडीच महिनेही मिळाले नाहींत. कर्व्यांना दीड वर्ष मिळालें. गोविंदरावांनीं सहा महिन्यांची मुदत नाकारली, ती उगीच नव्हे.

लग्नाच्याच वर्षीं कर्व्यांनीं पुनर्विवाहाच्या पुरस्कारासाठीं मंडळ काढलें. १८९६ सालीं विधवांच्या शिक्षणासाठीं अनाथ बालिकाश्रम सुरू झाला, तेव्हां मात्र निराळीच अडचण उभी राहिली. आश्रमांत मुलगी घातली तर तिचें लग्न लावून देतील, ही भीति पालकांना वाटूं लागली. स्वतःच्या लग्नाच्या वेळीं साऱ्या गांवाचें मत बाजूस सारणाऱ्या या गृहस्थानें इतरांच्या मुलींच्या बाबतींत मात्र त्यांच्या वडिलांच्या मताला मान दिला, आणि पुनर्विवाहाच्या मंडळाचें चिटणीसपद सोडलें. आनंदीबाईंनीं आपली हकीकत पुढें स्वतः सांगितली. ‘माझें पुराण’ या नांवानें ती १९४४ सालीं छापून निघाली.