आठ अधिक तीन : फाइलच्या नावाचा इतिहास

ग्रंथव्यवहाराचा इतिहास लिहिताना आपण लेखक, मुद्रक, प्रकाशक आणि वाचक यांचा विचार करतो. ग्रंथ ज्या फळीवर ठेवला जातो तिचा सहसा करीत नाही. संगणकावरील लेखनाच्या बाबतीत मात्र या फळीकडे दुर्लक्ष करून चालत नाही. डिस्कवर प्रत्यक्षात असतात त्या केवळ क्रमांक दिलेल्या, समान आकाराच्या जागा. कोणत्या जागांमध्ये कोणत्या लेखनाचे तुकडे आहेत आणि त्या लेखनाचे नाव काय, याची नोंदवही ठेवणारी व्यवस्था म्हणजे फाइल सिस्टिम. आतला मजकूर कोणत्या लिपीत आहे याच्याशी तिला कर्तव्य नसते. नाव मात्र तिला स्वतःच्या नोंदवहीत लिहावे लागते. म्हणून लिपीचा प्रश्न तिच्यापुढे उभा राहिला तो नावाच्या रूपाने.

आरंभीच्या नोंदवह्या अतिशय काटकसरीच्या होत्या. गॅरी किल्डॉल यांच्या सीपी/एम या प्रणालीत एका नोंदीला ३२ बाइट मिळत. त्यांतले आठ नावासाठी आणि तीन फाइलचा प्रकार सांगण्यासाठी. मार्क मॅकडॉनल्ड यांनी १९७७ मध्ये मायक्रोसॉफ्टसाठी ‘फॅट’ ही रचना आखली. टिम पॅटरसन यांनी १९८० मध्ये आपल्या प्रणालीत तिचा आधार घेतला आणि सीपी/एमचा आठ अधिक तीनचा नियमही ठेवला. १९८१ मध्ये मायक्रोसॉफ्टने ती प्रणाली विकत घेतली आणि डॉस या नावाने हा नियम जगभर पोहोचला. आयबीएम पीसीच्या पहिल्या फ्लॉपीची क्षमता १६० किलोबाइट होती, हे लक्षात घेतले की ही काटकसर समजते. नाव रोमन मोठ्या अक्षरांत आणि आठांत बसेल एवढेच, ही सवय त्यातून जगाला लागली.

या नोंदवहीत फाइल ‘पुसणे’ म्हणजे मजकूर पुसणे नव्हते. नावाच्या पहिल्या अक्षराच्या जागी ‘ई५’ हा षोडशमान संकेत लिहिला जाई आणि त्या फाइलच्या जागा रिकाम्या मानल्या जात. त्या जागांवर नवे काही लिहिले जाईपर्यंत मजकूर तसाच राही. म्हणून डॉसमध्ये पुसलेली फाइल परत मिळवताना संगणक वापरणाऱ्यालाच तिचे पहिले अक्षर विचारीत असे. रोमन लिपीपुरती ही युक्ती निर्वेध होती. जपानी संकेतनात मात्र कांजी अक्षराचा पहिला बाइट नेमका ई५ असू शकत होता. अशा नावाची फाइल जिवंत असूनही मृत ठरली असती! त्यावर तोड म्हणून ई५ ऐवजी ‘०५’ लिहून ठेवण्याचा अपवाद करण्यात आला. एका लिपीसाठी केलेल्या नियमात दुसरी लिपी प्रथम शिरते ती बहुधा अशी, अपवाद म्हणून.

१९९५ च्या विंडोजने २५५ चिन्हांपर्यंतची नावे फॅटमध्ये आणली; पण जुनी नोंद काढून टाकली नाही. लांब नावाचे तेरा-तेरा चिन्हांचे तुकडे करून ते जुन्या प्रोग्रामांनी दुर्लक्षावेत अशा जादा नोंदींत ठेवले. शेजारी आठ अधिक तीनचे आखूड नाव राहिलेच. ही लांब नावे युनिकोडमध्ये लिहिली जात. १९९१ च्या पहिल्या युनिकोडमध्ये देवनागरी होती आणि तिची मांडणी इस्की या भारतीय मानकाच्या १९८८ च्या आवृत्तीवर आधारलेली होती. प्रत्यक्ष विंडोजमध्ये देवनागरीची सोय आली ती विंडोज २००० बरोबर.

परंतु देवनागरी नावाला प्रवेश मिळाला म्हणजे प्रश्न सुटला असे नाही. लिनक्सच्या ‘एक्स्ट’ कुळातील फाइल सिस्टिममध्ये नावाची मर्यादा २५५ बाइट आहे. यूटीएफ-८ मध्ये देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेते; म्हणजे आपल्या वाट्याला ८५ चिन्हे येतात. ‘क्षितिज’ आपल्या दृष्टीने तीन अक्षरे. यंत्राच्या हिशेबी सात चिन्हे आणि २१ बाइट.

याहून सूक्ष्म प्रश्न पाठभेदाचा आहे. ‘दुसऱ्या’ या शब्दातला ‘ऱ’ युनिकोडमध्ये दोन प्रकारे लिहिता येतो : एक स्वतंत्र चिन्ह म्हणून किंवा ‘र’ला नुक्ता जोडून. युनिकोड दोन्ही सममूल्य मानते. लिनक्स आणि विंडोजच्या फाइल सिस्टिम सामान्यतः समोर आले तसे उतरवणाऱ्या लहियासारख्या वागतात. तिथे एकाच नावाच्या भासणाऱ्या दोन फाइली शेजारी नांदू शकतात. ॲपलची १९९८ ची एचएफएस प्लस ही पाठ ‘शुद्ध’ करणारा लहिया होती. आपण एकसंध ‘ऱ’ लिहिला तरी ती तो फोडून ठेवी. मॅकवरून अशी फाइल लिनक्सवर नेली आणि एकसंध ‘ऱ’ टंकून काटेकोर शोध घेतला, तर समोर दिसणारी फाइलही सापडत नाही. मॅकवर २०१७ मध्ये आलेल्या एपीएफएसने मध्यम मार्ग काढला : नाव दिले तसे जपायचे, पण तुलना करताना दोन्ही रूपे एकच मानायची. पाठचिकित्सेच्या अभ्यासकाला हा विवेक अपरिचित वाटू नये.

जुनी नियतकालिके आणि हस्तलिखिते यांच्या प्रतिमा आज हजारोंनी साठवल्या जात आहेत. सूचीतले नाव आणि डिस्कवरचे नाव यांत एका ‘ऱ’चा फरक पडला, तर ते साधन असूनही नसल्यासारखे होते. आपण मजकूर देवनागरीत लिहितो आणि फाइलचे नाव मात्र अजूनही रोमनमध्ये, आखूड देतो. ही निव्वळ सोय नाही. आठ अधिक तीनचा तो जुना नियम यंत्रातून जाऊन आपल्या हाताच्या वळणात उरला आहे. नोंदवहीने आता आपल्या लिपीला जागा दिली आहे. त्या जागेत काय आणि कोणत्या शिस्तीने लिहायचे, हे ठरवण्याचे काम सूचिकारांचे, संपादकांचे आणि आपल्यासारख्या साहित्याच्या अभ्यासकांचे आहे.