कोयितेनचा वारा

पायाखाली गवत, आणि गवत संपतं तिथे आभाळ. मध्ये झाड नाही, कुंपण नाही, देऊळ नाही. वर्ष १२०१, इथल्या गणतीत कोंबड्याचं. पूर्वेकडच्या या मंगोल पठारावर देव म्हणजे हे निळं आभाळच, तेंग्री. उद्या सकाळी त्याच्यासमोर दोन सैन्यांचा निवाडा होणार आहे.

तुम्ही जमुखाच्या छावणीत आहात. घोडा-घोडी कापून अनेक जमातींनी शपथ घेतली आणि एर्गुने नदीच्या काठी जमुखाला गुर खान, म्हणजे सगळ्यांचा खान, केलं. पलीकडे तेमुजिन आहे, सोबत केराइतांचा ओंग खान. जमुखा आणि तेमुजिन हे एकमेकांचे आंदा, शपथेचे भाऊ. लहानपणी गोठलेल्या ओनोन नदीवर दोघं हाडांच्या फाशांनी खेळले होते. आज संध्याकाळी त्यांच्या आघाडीच्या तुकड्या समोरासमोर आल्या, ओरडून बोलाचाली झाली, पण अंधार पडत होता. लढाई उद्यावर टाकून सगळे मागे फिरले. रात्रभर शेणाच्या गोवऱ्यांचा धूर डोळ्यांत जातो आणि कुणाला धड झोप लागत नाही.

सकाळी कोयितेन नावाच्या जागी सैन्यं भिडायला येतात. चढावर, उतारावर, खाली-वर सरकत रांगा लागतात. तुमच्या समोरून दोन माणसं पुढे होतात: नायमानांचा बुइरुक खान आणि ओइरातांचा कुदुका बेकी. दोघांनाही जदा येते.

जदा म्हणजे वारा-पाऊस बोलावण्याची विद्या. मंत्र म्हणायचा आणि पाण्यात निरनिराळे खडे ठेवायचे, अशी तिची रीत इराणचा इतिहासकार रशीदुद्दीन याने नोंदवली आहे. हे खडे जनावराच्या पोटात सापडतात असं मानत. या दिवसाच्या सव्वाशे वर्षं आधी महमूद काश्गरीने तुर्की भाषांचा कोश रचला. त्यातही ही विद्या आहे, आणि तीही ऐकीव नव्हे. याग्मा लोकांच्या मुलुखात ऐन उन्हाळ्यात आग लागली, खड्यांचा प्रयोग झाला, बर्फ पडलं आणि आग विझली. हे आपण स्वतः पाहिलं असं तो लिहितो. तेव्हा कुदुका पाण्यावर वाकतो त्या क्षणी आजूबाजूच्या एकाही स्वाराच्या मनात शंका नाही. तुम्हीही ती मनात आणू नका. या माळावर आज ती उपयोगाची नाही.

हे वारं कशासाठी हवंय ते शेजारच्या स्वाराच्या धनुष्याकडे पाहिलं की कळतं. लाकूड, शिंग आणि स्नायूंचे धागे सरसाने चिकटवून ते केलेलं असतं. ओलावा लागला की सरस मऊ पडतो, धनुष्याचा जोर जातो. तोंडावर पाऊस मारत असेल तर नेम धरता येत नाही, बाण पोचत नाही, घोडी वाऱ्याला पाठ फिरवतात. ज्याच्या पाठीशी वारा, त्याची अर्धी लढाई झाली.

आणि वारा उठतो. गवत तेमुजिनच्या दिशेने झोपतं. तुमच्या रांगेतून आरोळी निघते. पावसाचा करडा पडदा माळावरून पलीकडे सरकायला लागतो, आणि मग मध्येच थबकतो. गवत उठून उभं राहतं. पुढच्याच श्वासाला ते तुमच्याकडे वाकलेलं असतं. गार पाणी डोळ्यांत, तोंडात, कानांत. घोडा मागच्या मागे सरकतो. खाली घळ आहे हे कळेपर्यंत पुढचे दहा-बारा स्वार तिच्यात कोसळलेले असतात.

गवताळ पठारावर थंड हवेची आघाडी आली की वारा पाहता पाहता दिशा बदलतो. हवामानशास्त्राला त्यात नवल नाही. पण घळीच्या काठावर ओरडणाऱ्या माणसांना हे शास्त्र सांगून काय होणार? आभाळाने आपल्याला टाकलं, असं ते एकमेकांना सांगताहेत, आणि खरी लढाई इथेच हरली जाते. भिजलेलं धनुष्य वाळतं. आपणच देवाला साक्षीला बोलावलं आणि त्याने दुसऱ्याच्या बाजूने कौल दिला, हे ज्याच्या मनाने घेतलं तो पुन्हा रांगेत उभा राहत नाही. नायमान एकीकडे जातात, ओइरात आपल्या रानाकडे. आणि जमुखा? ज्यांनी त्याला खान केलं त्यांच्याच वस्त्या लुटत तो परत जातो. आभाळापेक्षा हा घाव मला जास्त लागतो.

‘मंगोलांचा गुप्त इतिहास’ या ग्रंथात वादळाच्या या प्रसंगाला मोजक्याच ओळी आहेत. ग्रंथ जिंकणाऱ्यांच्या घरचा, तरी जदा खोटी होती असं तो कुठेच म्हणत नाही. ती विद्या त्यांचीही होती. १२३२ मध्ये चीनमधल्या जिन राजवटीशी लढताना तेमुजिनचा मुलगा तोलुई अडचणीत आला, तेव्हा त्याच्या सैन्यातल्या एका कांगली माणसाने हीच जदा केली आणि बर्फवारा जिन फौजेवर कोसळला, असं रशीदुद्दीन सांगतो.

आता कोयितेनच्या त्या सकाळपासून सहा वर्षं पुढे या. १२०७, सशाचं वर्ष. तेमुजिन चंगीझ खान झाला आहे. त्याचा थोरला मुलगा जोची फौज घेऊन रानातल्या जमातींकडे निघतो, आणि सगळ्यांत आधी शरण येतो तो कुदुका बेकी. एवढ्यावर न थांबता तो जोचीला पुढची वाट दाखवतो आणि बाकीच्या ओइरातांना वळवून आणतो. चंगीझ त्याच्या मुलाला आपली लेक चेचेयिगेन देतो. ज्याने वारा अंगावर सोडला होता, तो आता व्याही आहे.