शिक्का आणि मोर्तब

एरंडोलचें नांव काढलें कीं बहुतेकांस पांडववाडा आठवतो. परंतु अंजनीकांठच्या ह्या जुन्या गांवाची आणखी एक ओळख होती, ती कागदाची. एरंडोल हें पूर्वीं जाड्याभरड्या देशी कागदाबद्दल प्रसिद्ध होतें व तो धंदा अजून थोडाफार टिकून आहे, अशी नोंद १९०८ च्या इंपीरियल गॅझेटियरांत सांपडते. तापीपलीकडील यावलचीहि तशीच ख्याति होती. देशी कागदाला खळ देत, घोट्यानें घोटून तो गुळगुळीत करीत, म्हणजे बोरूची शाई त्यावर पसरत नसे. पण कागद कितीहि चांगला घोटला तरी त्याच्या अंगीं एक दोष राहतोच: त्यावर खरें जितक्या सहज लिहितां येतें तितक्याच सहज खोटेंहि लिहितां येतें. म्हणून कागद्याचें काम संपलें म्हणजे शिक्का उठविणाराचें काम सुरू होई.

हा जुनाच प्रश्न आज संगणकापुढें बसलेल्या प्रत्येक कुटुंबासमोर नव्या रूपानें उभा आहे. हिशेबाचें किंवा मराठी टंकलेखनाचें एखादें सॉफ्टवेअर आपण इंटरनेटवरून उतरवून घेतों, तेव्हां तें संगणकांत बसविणारी जी फाईल येते तिला इन्स्टॉलर म्हणतात. ती चालूं दिली म्हणजे घराच्या किल्ल्या परक्याच्या हातीं दिल्यासारखेंच होतें. ती ज्याच्या नांवानें आली त्याचीच कशावरून? आणि वाटेंत तिच्यांत कोणीं कांहीं मिसळलें नाहीं हें तरी कशावरून? ह्या दोन प्रश्नांस उत्तर म्हणून सॉफ्टवेअरवर डिजिटल सही करण्याची पद्धत निघाली. आणि ती समजून घेण्यास मराठ्यांच्या दफ्तरासारखा वाटाड्या नाहीं.

‘शिक्कामोर्तब’ हा शब्द आपण एका दमांत उच्चारतों. परंतु ते दोन निरनिराळे ठसे होत. शिक्का म्हणजे मुख्य मुद्रा. पत्र कोणाचें, हें ती सांगे. मोर्तब हा लहान ठसा मजकूर संपला त्या जागीं उठवीत. ‘मर्यादेयं विराजते’ हीं त्यावरील अक्षरें प्रसिद्धच आहेत. पत्राची मर्यादा येथें झाली, ह्यापुढें एक ओळ जरी दिसली तरी ती आमची नव्हे, असा त्याचा अर्थ. तावाला ताव चिकटवून कागद लांब केला असल्यास सांध्यावरहि ठसा उठवीत, म्हणजे मधला ताव कोणास बदलतां येऊं नये. शिवाय १६७४ च्या राज्याभिषेकाच्या वेळीं अष्टप्रधानांस जीं कामें नेमून दिलीं त्यांत राजपत्रें तपासून अधिकउणें अक्षर शुद्ध करण्याचें काम सचिवाकडे होतें. पत्र दफ्तरांत रुजू झाल्याची खूणहि त्यावर होई. तात्पर्य, एकट्या ठशावर कोणी विसंबत नसे. त्याच्यामागें माणसें आणि नोंदी उभ्या असत.

एक अक्षर बदलल्यानें काय अनर्थ होतो, हें मराठी माणसास निराळें सांगावयास नको. ३० ऑगस्ट १७७३ रोजीं नारायणराव पेशव्यांचा शनिवारवाड्यांत खून झाला. ‘धरावें’ ह्या शब्दांतील ‘ध’ चा ‘मा’ झाला ही त्यामागची गोष्ट आख्यायिका म्हणूनच घ्यावयाची. पण ती भाषेंत कायमची रुतून बसली, ह्याचें कारण तींतील भय खरें आहे. सही खरी, कागद खरा आणि मधलें एक अक्षर तेवढें खोटें, असें झालें तर वाचणारानें काय करावें?

ह्यावरचा आधुनिक उपाय गणितानें दिला. १९७६ सालीं डिफी व हेलमन ह्या दोघां अमेरिकन संशोधकांनीं जोडकिल्लीची कल्पना मांडली. पुढें दोन वर्षांच्या आंत रिव्हेस्ट, शामीर व एडलमन ह्यांनीं ती प्रत्यक्षांत आणण्याची रीत दाखविली. दोन किल्ल्या गणितानें एकमेकींशीं बांधलेल्या असतात. एक खाजगी, ती धन्याजवळच राहते; दुसरी जाहीर, ती कोणासहि मिळते. प्रथम संपूर्ण फाईलीचा एक ठराविक लांबीचा गोषवारा काढतात. त्यास हॅश म्हणतात. फाईल केवढीहि असो, आज रूढ असलेल्या एका पद्धतीनें हा गोषवारा चौसष्ट अक्षरांत मावतो, आणि फाईलींत एका ‘ध’ चा ‘मा’ झाला तरी तो ओळखूं येणार नाहीं इतका पालटतो. ह्या गोषवाऱ्यावर खाजगी किल्लीनें सही करतात. घेणाराचा संगणक जाहीर किल्लीनें ती सही पडताळतो, स्वतः गोषवारा काढतो आणि दोन्ही जुळतात कीं काय तें पाहतो. सही जुळली तर शिक्का खरा. गोषवारा जुळला तर मोर्तब खरें. जुन्या दफ्तरांतील दोन्ही ठसे येथें एका क्रियेंत आले.

आतां जाहीर किल्ली अमक्याचीच, हें कोणीं सांगावें? गांवांत वतनाचा तंटा निघाला म्हणजे गोत जमे, पाटील-देशमुखांची साक्ष होई. तें काम येथें प्रमाणपत्र देणाऱ्या संस्था करतात. त्या सॉफ्टवेअर करणाराची ओळख तपासून त्याच्या किल्लीस प्रमाणपत्र देतात. मायक्रोसॉफ्टनें १९९६ सालीं ‘ऑथेंटिकोड’ ह्या नांवानें ही व्यवस्था विंडोजमध्यें रूढ केली. प्रमाणपत्राची मुदत संपते. म्हणून सहीबरोबर त्रयस्थाकडून वेळेचा ठसाहि घेतात. सही झाली त्या वेळीं प्रमाणपत्र चालू होतें, एवढें त्यावरून सिद्ध होतें.

परंतु इतिहास येथेंच सावध करतो. शिक्का चोराच्या हातीं गेला तर? २०१० सालीं ‘स्टक्सनेट’ नांवाचा घातकी प्रोग्राम उघडकीस आला. इराणच्या अणुकेंद्रांतील यंत्रें बिघडविण्यासाठीं तो रचला होता. त्याच्या भागांवर तैवानमधील रिअलटेक व जेमायक्रॉन ह्या दोन प्रतिष्ठित कंपन्यांच्या चोरलेल्या किल्ल्यांनीं सह्या केलेल्या होत्या. २०२० सालीं त्याहून विलक्षण प्रकार झाला. अमेरिकेंतील सोलरविंड्स कंपनीच्या सॉफ्टवेअरमध्यें तें तयार होत असतांनाच परक्यांनीं आपला मजकूर घुसविला. मग कंपनीनें नेहमींप्रमाणें त्यावर आपली खरी सही केली आणि सुमारें १८,००० ग्राहकांकडे तें पोहोंचलें. शिक्का खरा, मोर्तबहि खरें. विष मात्र लेखणींतच होतें. शिक्का इतकेंच सांगतो कीं पत्र ह्यानें दिलें व तें वाटेंत बदललें नाहीं. देणारा सज्जन आहे, सावध आहे, असें तो कधींच सांगत नाहीं. किल्ली राखण्यासाठीं जून २०२३ पासून ती संगणकावर मोकळी न ठेवतां सुरक्षित उपकरणांतच ठेवावी असा नियम झाला, तो म्हणजे मुद्रा कुलुपांत ठेवण्याचाच नियम होय.

ह्या गोष्टीस दुसरीहि बाजू आहे, आणि ती खानदेशास अनुभवानें ठाऊक आहे. १८१८ नंतर येथें इंग्रजी अंमल बसला व १८५२ च्या अकराव्या कायद्यानें इनामांची चौकशी सुरू झाली. बनावट सनदा उघडकीस आणणें हें अशा चौकशीचें रास्त कामच होतें. पण वाळवीनें खाल्लेला कागद वा जळालें दफ्तर हा तर इनामदाराचा अपराध नव्हे; तरी पुरावा दाखवूं न शकणाऱ्याचा हक्क धोक्यांत येई. आज एखादा होतकरू तरुण मराठीसाठीं उपयुक्त प्रोग्राम लिहून फुकट वांटतो. प्रमाणपत्राची दरसालची रक्कम त्यास परवडत नाहीं. मग त्याचा इन्स्टॉलर उघडतांच ‘अज्ञात प्रकाशक’ अशी तंबी झळकते. शिक्का नसणें म्हणजे खोटें असणें नव्हे. पण परक्या वाचणारास दुसरा पुरावा नसतो. हा अन्याय लहान नाहीं.

म्हणून ह्या विद्येपासून घेण्याचा धडा दुहेरी आहे. शिक्का पाहिल्यावांचून घरांत कांहीं घेऊं नये. आणि शिक्का पाहिला म्हणून विचार सोडूं नये. १ मे २०१८ पासून महाराष्ट्रांत डिजिटल सहीचा सातबारा मिळूं लागला. एरंडोलच्या शेतकऱ्याच्या जमिनीचा उताराहि आतां ह्याच गणितावर उभा आहे. गांवच्या कागदाचें युग सरलें, पण कागदावरील अक्षर खरें कीं खोटें हा प्रश्न सरला नाहीं. ठसा उठविणारा हात प्रामाणिक आहे कीं नाहीं, हें पाहण्याचें काम तेव्हां माणसाचेंच होतें आणि आजहि माणसाचेंच आहे.