हाताची सवय

गेल्या आठवड्यात पुण्याहून नातीचा फोन आला होता. तिच्या कुत्र्याची नखं कापायची म्हणजे पूर्वी घरात नुसतं रणकंदन. दोघांनी दाबून धरायचं, तोंडाला जाळी बांधायची. आता ती रोज नुसता पंजा हातात घेते, बिस्किट देते आणि सोडून देते. त्याने पाय ओढला की तीही थांबते. "आजोबा, आता तो आपणहून पंजा देतो," म्हणाली. नवी पद्धत आहे म्हणे!

मला हसू आलं. इसवी सनापूर्वी चौथ्या शतकात ग्रीसच्या झेनोफनने घोड्यांवर पुस्तक लिहिलं. शिंगराला आवडेल तिथे हात फिरवावा, गर्दीची सवय लावावी, असं त्यात सांगितलं आहे. आमच्या आजोबांनी झेनोफनचं नावही ऐकलं नव्हतं, पण करत तेच होते.

आमचं गाव कळमनुरी तालुक्यातलं. तेव्हा परभणी जिल्हा होता. हिंगोली वेगळा झाला १ मे १९९९ ला. घरी लाल कंधारी बैलांची जोडी होती. औत सुटलं, वैरण टाकली, की आजोबा बैलांच्या कानापासून खुरापर्यंत हात फिरवायचे. पाय उचलायचे, खूर बघायचे, खाली ठेवायचे, मग पेंडीचा तुकडा. पोळ्याच्या आदल्या दिवशी खांदेमळणी सगळेच करतात; आमच्याकडे ती रोजच असे. पत्री मारायला बैल दोरानं पाडावाच लागे, पण आमच्या बैलांच्या अंगावर कुणाला बसावं लागलं नाही.

याचं खरं मोल बुळकांडीच्या लशीच्या वेळी कळलं. या रोगानं गोठेच्या गोठे रिकामे व्हायचे. गुरांच्या रोगांच्या संशोधनासाठी १८८९ मध्ये पुण्यात सरकारी प्रयोगशाळा निघाली, ती १८९३ मध्ये हिमालयात मुक्तेश्वरला गेली. तिथे १९२० च्या दशकात एडवर्ड्स यांनी बुळकांडीचा विषाणू शेळ्यांमधून पुन्हापुन्हा नेऊन लस तयार केली. १९५४ मध्ये देशभर निर्मूलनाची मोहीम सुरू झाली. शंभरातल्या ऐंशी गुरांना टोचायचं उद्दिष्ट होतं.

आमच्या गावात लस टोचणारे आले तेव्हा मी सात-आठ वर्षांचा असेन. पारापाशी नुसता गोंधळ! गुरं दावी तोडून पळत होती. आजोबांनी बैलाच्या मानेवर हात ठेवला, सुई टोचली गेली, बैलाची फक्त कातडी थरथरली.

भारतात बुळकांडीचा शेवटचा रुग्ण १९९५ चा. देश २००६ मध्ये रोगमुक्त ठरला आणि २०११ मध्ये सगळं जग. इतिहासात लशीचं नाव आहे, आणि ते योग्यच आहे. पण जनावर धरून उभे राहिलेले असे लाखो हात कुठे नोंदलेले नाहीत.

आता माझी गोष्ट. निवृत्तीनंतर मी एक गाय पाळली. चारापाणी वेळेवर, पण हात फिरवायला कधी बसलो नाही. ती दूध काढणाऱ्या गड्याशिवाय कुणाला अंगाला शिवू देत नसे. २०२२ मध्ये लंपी आला. गोटपॉक्सची लस टोचायला माणूस दारात आला, तर गायीनं दावं तोडलं आणि थेट रान गाठलं. त्याला पुढची गावं करायची होती. "उद्या बघू," मी म्हणालो. तो उद्या लांबत गेला. पुढच्या पंधरवड्यात तिच्या अंगावर गाठी आल्या आणि गाय गेली. दोष ना त्या माणसाचा, ना गायीचा. आजोबांचं बघून मोठा झालेला मी, आणि मलाच वेळ नव्हता!

मागे तिची कालवड राहिली. आता रोज संध्याकाळी तिच्याजवळ बसतो. पहिले आठ दिवस ती लांब सरकायची. आता मान पुढे करते. लाळ-खुरकतीची लस टोचली तेव्हा दावं मी नुसतं हातात धरलं होतं, सैलच.

नातीला एवढंच सांगितलं, नखं कापून झाली तरी पंजा रोज हातात घेत जा.